राष्ट्राध्यक्ष जिवंत आहेत, पण काम करू शकत नाहीत: मग सही कोणाची?

घटनाप्रेमी

अमेरिकेच्या राष्ट्राध्यक्षांवर मराठीत बरंच लिहिलं जातं, पण ते बहुतेक निवडणुका, युद्धं आणि भाषणं यांच्याभोवती फिरतं. हा धागा वेगळ्या बाजूसाठी काढतोय. पदावर असताना राष्ट्राध्यक्ष अंथरुणाला खिळला, तर प्रत्यक्ष कारभार कोणी चालवला, कोणत्या अधिकाराने, आणि तो कुठे अडला?

गोम मूळ घटनेतच आहे. दुसऱ्या अनुच्छेदात म्हटलंय की राष्ट्राध्यक्षाला पदावरून काढलं, त्याचा मृत्यू झाला, त्याने राजीनामा दिला किंवा तो काम करण्यास असमर्थ झाला, तर ते उपाध्यक्षाकडे जाईल. पण 'ते' म्हणजे पद की फक्त अधिकार, हे स्पष्ट नाही. असमर्थता कोणी ठरवायची, हे लिहिलेलं नाही. माणूस बरा झाला तर त्याला अधिकार परत मिळतात का, यावरही एक अक्षर नाही. १७८७ साली फिलाडेल्फियाच्या घटना परिषदेत डेलावेअरचे जॉन डिकिन्सन यांनी नेमकं हेच विचारलं होतं: असमर्थता म्हणजे किती, आणि ती ठरवणार कोण? उत्तर न देताच परिषद पुढे गेली. ते उत्तर लेखी स्वरूपात यायला १९६७ साल उजाडलं.

सुरुवात १८४१ पासून करू.

विल्यम हेन्री हॅरिसन यांनी ४ मार्च १८४१ रोजी शपथ घेतली आणि ४ एप्रिलला त्यांचा मृत्यू झाला. पदावर असताना मरण पावलेले ते पहिले राष्ट्राध्यक्ष. उपाध्यक्ष जॉन टायलर तेव्हा व्हर्जिनियातल्या विल्यम्सबर्गला घरी होते. निरोप पोचल्यावर ते तातडीने निघाले आणि ६ एप्रिलला वॉशिंग्टनमधल्या एका हॉटेलात न्यायाधीश विल्यम क्रँच यांच्यासमोर शपथ घेतली. मंत्रिमंडळ त्यांना 'राष्ट्राध्यक्षाचं काम पाहणारे उपाध्यक्ष' समजत होतं. टायलर यांनी ते सपशेल नाकारलं. 'कार्यवाहू राष्ट्राध्यक्ष' असा पत्ता घातलेली पत्रं ते न फोडता परत पाठवत. सिनेट आणि प्रतिनिधिगृहाने त्यांना राष्ट्राध्यक्ष म्हणून मान्यता दिली आणि पायंडा पडला. पण त्याच पायंड्याने पुढची सव्वाशे वर्षं एक वेगळाच घोळ घातला. त्यावर पुढे लिहितो.

रानवारा

हॅरिसन यांचा मृत्यू म्हणजे ते प्रसिद्ध भाषण ना? थंडीत टोपी आणि ओव्हरकोट न घालता जवळजवळ दोन तास बोलले, न्यूमोनिया झाला आणि गेले.

शल्यचिकित्सा

@रानवारा, भाषण खरं आहे. ८,४०० हून जास्त शब्दांचं ते भाषण शपथविधीच्या इतिहासात आजही सर्वांत लांब आहे. पण आजाराशी त्याचा मेळ बसत नाही. भाषण ४ मार्चला झालं आणि ते आजारी पडले २६ मार्चला. मधे तीन आठवडे गेले. त्यांचे डॉक्टर थॉमस मिलर यांनी न्यूमोनिया नोंदवला खरा, पण त्यांच्याच नोंदींत पोटाच्या तक्रारी ठळक आहेत. २०१४ मध्ये या नोंदींचा पुन्हा अभ्यास झाला, तेव्हा विषमज्वरासारख्या आतड्याच्या संसर्गाची शक्यता जास्त वाटली. शहराचा मैला जिथे आणून टाकत ती जागा व्हाइट हाउसला पाणी पुरवणाऱ्या झऱ्याजवळ होती. तेव्हाच्या वॉशिंग्टनला मैला वाहून नेणारी गटारव्यवस्थाच नव्हती.

उपचारांनीही भर घातली. अफू दिली, एरंडेल दिलं, पाऱ्याचं कॅलोमेल दिलं. अफूने आतड्याची हालचाल मंदावते, म्हणजे जंतूंना आत थांबायला आणि रक्तात शिरायला जास्त वेळ मिळतो. वर रेचकांनी शरीरातलं पाणी जातं. ६८ वर्षांच्या माणसाला हे झेपणं कठीणच.

जुनीवही

टायलर यांची पुढची कहाणी एका दमात सांगून टाकते, कारण ती या धाग्याच्या मुद्द्याला धरून आहे. व्हिग पक्षाने त्यांना तिकीट दिलं ते दक्षिणेची मतं खेचण्यासाठी. ते राष्ट्राध्यक्ष होतील असं कोणाच्या मनातही नव्हतं. त्यांनी पक्षाची राष्ट्रीय बँकेची विधेयकं दोनदा नाकारली. सप्टेंबर १८४१ मध्ये परराष्ट्रमंत्री डॅनियल वेब्स्टर सोडून सगळ्या मंत्रिमंडळाने राजीनामे दिले आणि पक्षाने त्यांना बाहेर काढलं. पूर्ण मुदत त्यांनी पक्षाविना आणि उपाध्यक्षाविना काढली. उपाध्यक्षाची रिकामी जागा मधल्या काळात भरायची सोयच तेव्हा घटनेत नव्हती.

उपाध्यक्ष निवडताना 'हा माणूस उद्या राष्ट्राध्यक्ष झाला तर?' हा प्रश्न बाजूला ठेवण्याची सवय तिथून लागली. ती मोडायला फार काळ जावा लागला.

घटनाप्रेमी

आता तो घोळ. टायलर यांनी म्हटलं, मला पद मिळालं, नुसते अधिकार नाहीत. मृत्यूच्या बाबतीत ठीक. पण घटनेत मृत्यू आणि असमर्थता एकाच वाक्यात, एकाच परिणामासह आहेत. मग आजारी राष्ट्राध्यक्षाचं काम उपाध्यक्षाने हाती घेतलं, तर तोही कायमचा राष्ट्राध्यक्ष होणार का? आणि बरा झालेला राष्ट्राध्यक्ष घरी जाणार का? या भीतीने सगळ्यांचे हात बांधले गेले. ते कसे, हे १८८१ मध्ये दिसलं.

जेम्स गारफिल्ड यांच्यावर २ जुलै १८८१ रोजी वॉशिंग्टनच्या बाल्टिमोर अँड पोटोमॅक स्टेशनात चार्ल्स गिटोने गोळ्या झाडल्या. मृत्यू १९ सप्टेंबरला. एकूण ७९ दिवस. एवढ्या काळात गारफिल्ड यांनी एकाच सरकारी कागदावर सही केली, तीही एका प्रत्यार्पणाच्या. काँग्रेसचं, म्हणजे अमेरिकेच्या संसदेचं, अधिवेशन नव्हतं म्हणून निभावलं, पण परराष्ट्र खात्याची निर्णयाची कामं तुंबली.

मंत्रिमंडळाने उपाध्यक्ष चेस्टर आर्थर यांनी तात्पुरता कारभार घ्यावा का यावर खल केला. बहुसंख्य मंत्र्यांचं मत पडलं की आर्थर यांनी एकदा अधिकार घेतले, तर टायलरच्या पायंड्याने गारफिल्ड यांचं पद जाईल. आर्थर यांनी तर नकारच दिला. त्याला दुसरंही कारण होतं. ते रिपब्लिकन पक्षाच्या 'स्टॉलवर्ट' गटाचे, गारफिल्ड विरोधी गटाचे. आणि गिटोने पकडला जाताना 'मी स्टॉलवर्ट आहे, आता आर्थर राष्ट्राध्यक्ष होतील' अशा अर्थाचं ओरडून सांगितलं होतं. त्या हवेत आर्थर यांनी एक पाऊल जरी पुढे टाकलं असतं, तरी कटात सामील असल्याचा संशय पक्का झाला असता. पुढचा बहुतेक काळ ते न्यूयॉर्कलाच थांबले. माझ्या मते त्या उन्हाळ्यात सर्वांत जबाबदारीने वागलेला माणूस तोच.

शल्यचिकित्सा

गारफिल्ड यांच्या उपचारांवर सविस्तर लिहायला हवं, कारण यात काय चुकलं ते पायरीपायरीने सांगता येतं.

दोन गोळ्या. एक दंडाला चाटून गेली. दुसरी पाठीत उजवीकडून शिरली, कण्याचा पहिला लंबर (कमरेचा) मणका फोडून डावीकडे गेली आणि स्वादुपिंडामागे थांबली. मज्जारज्जू वाचला. मोठी रक्तवाहिनी फुटली नाही. अशी गोळी शरीर कालांतराने पेशीजालाचं वेष्टण घालून बंदिस्त करतं, आणि शवविच्छेदनात ती तशीच सापडली.

पहिली चूक स्टेशनाच्या फरशीवरच झाली. डॉक्टरांनी न धुतलेली बोटं आणि सळ्या जखमेत घालून गोळी शोधली. जोसेफ लिस्टर यांची कार्बोलिक आम्लाने निर्जंतुकीकरणाची पद्धत युरोपात रुजत होती आणि त्यांनी स्वतः १८७६ मध्ये फिलाडेल्फियात ती अमेरिकन डॉक्टरांपुढे मांडली होती. बऱ्याच अमेरिकन डॉक्टरांना ती पटलेली नव्हती.

दुसरी चूक: मुख्य डॉक्टर विलार्ड ब्लिस यांनी गोळी उजव्या बाजूला यकृताजवळ आहे असं ठरवून टाकलं. वारंवार तपासताना बोटांनी आणि सळ्यांनी स्नायूंमध्ये खोटा मार्ग तयार झाला. त्यात पू भरत गेला, आणि तोच गोळीचा मार्ग समजून पुन्हा तिथेच तपासणी.

तिसरी बाब यंत्राची. अलेक्झांडर ग्रॅहॅम बेल यांनी धातू शोधणारं यंत्र बनवलं. दोन तारांची वेटोळी अशी जुळवायची की टेलिफोनच्या रिसीव्हरमध्ये आवाज येऊ नये. जवळ धातू आला की तोल बिघडतो आणि गुणगुण ऐकू येते. २६ जुलै आणि १ ऑगस्टला त्यांनी ते लावून पाहिलं. बिछान्यात पोलादी स्प्रिंगा होत्या, त्यामुळे आवाज सगळीकडून येत होता. त्याहून मोठी अडचण म्हणजे ब्लिस यांनी फक्त उजवी बाजू तपासू दिली. गोळी डावीकडे होती.

चौथी बाब पोषणाची. अन्न पोटात टिकेना तेव्हा गुदद्वारातून मांसरस, अंडं आणि दारू देत राहिले. मोठ्या आतड्यातून असं पोषण फारसं शोषलं जात नाही. सुमारे ९५ किलो वजनाचा माणूस ६० किलोंच्या आसपास आला. मृत्यूचं तात्कालिक कारण प्लीहेच्या रोहिणीला आलेला फुगा फुटून झालेला रक्तस्राव. पण शरीर आधीच संसर्गाने आणि उपासमारीने पोखरलेलं होतं.

मिसिसिपीकाठ

एक तांत्रिक पुरवणी. वॉशिंग्टनच्या उकाड्यात रुग्णाची खोली थंड ठेवायला नौदलाच्या अभियंत्यांनी जे यंत्र उभारलं, ते वातानुकूलनाच्या इतिहासात धरलं जातं. लोखंडी पेटीत बर्फाच्या पाण्याने भिजवलेल्या कापडाचे पडदे टांगायचे, त्यांतून पंख्याने हवा ओढायची आणि नळीने खोलीत सोडायची. तापमान सुमारे २० अंश फॅरनहाइटने उतरलं. दोषही होता: हवा दमट यायची, म्हणून वाटेत बर्फाची आणखी एक पेटी जोडून ती कोरडी करावी लागली. बर्फ प्रचंड लागला, दोन महिन्यांत दोनशे टनांहून जास्त.

६ सप्टेंबरला त्यांना रेल्वेने न्यू जर्सीतल्या एल्बेरॉनला समुद्राकाठी नेलं. स्टेशनापासून घराच्या दारापर्यंत सुमारे ३,२०० फुटांचे रूळ एका रात्रीत टाकले गेले. शेवटच्या चढावर इंजिन थकलं, तेव्हा माणसांनी डबा हाताने ढकलत नेला.

पाटीपेन्सिल

@शल्यचिकित्सा, ब्लिस यांच्यावर सगळं ढकलणं मला पटत नाही. क्ष-किरण १८९५ चे. गोळी कुठे आहे हे १८८१ मध्ये नक्की सांगणार कोण? आणि २० वर्षांनी राष्ट्राध्यक्ष मॅकिन्ली यांना गोळी लागली, त्या वेळी कुठे वेगळं घडलं?

शल्यचिकित्सा

गोळी कुठे आहे हे कळणं गरजेचंच नव्हतं, हाच माझा मुद्दा. यादवी युद्धातले कितीतरी सैनिक शरीरात गोळी घेऊन पुढे वर्षानुवर्षं जगले. जखम स्वच्छ ठेवून तिला हात न लावणं, एवढं तरी त्या काळच्या ज्ञानात बसत होतं. तरीही गारफिल्ड नक्की वाचले असते असं मी म्हणणार नाही. फुटलेल्या मणक्याचा संसर्ग तेव्हा प्रतिजैविकांशिवाय आवरणं अवघड होतं.

मॅकिन्ली यांची गोष्ट वेगळी आहे. ६ सप्टेंबर १९०१, बफेलोचं प्रदर्शन. शस्त्रक्रिया लगेच झाली, पण प्रदर्शनाच्या छोट्या दवाखान्यात आणि अपुऱ्या उजेडात. शेवटी आरशाने सूर्यप्रकाश परावर्तित करून पोटावर पाडला. सर्जन मॅथ्यू मान स्त्रीरोगतज्ज्ञ होते. जठराला दोन भोकं होती, ती शिवली. गोळी सापडली नाही. पोटात निचऱ्याची नळी ठेवली नाही. प्रदर्शनात क्ष-किरण यंत्र होतं, पण ते वापरलं नाही. आठवडाभर 'प्रकृती सुधारतेय' अशी पत्रकं निघाली. उपाध्यक्ष थिओडोर रूझवेल्ट निर्धास्त होऊन ॲडिरोंडॅकच्या डोंगरात गेले. गोळीच्या मार्गावर गँगरीन झालं आणि १४ तारखेला मृत्यू. रूझवेल्ट यांना रात्रीतून घोडागाडीने खाली आणावं लागलं.

घटनाप्रेमी

१८८१ च्या आणखी एका भोकाकडे बघा. १७९२ च्या कायद्याप्रमाणे उपाध्यक्षानंतर क्रम सिनेटचे प्रो टेम (हंगामी, सिनेटने स्वतःतून निवडलेले) अध्यक्ष आणि मग प्रतिनिधिगृहाचे सभापती असा होता. गारफिल्ड गेले तेव्हा दोन्ही जागा रिकाम्या. सिनेटमध्ये दोन्ही पक्ष ३७-३७ असे अडकून प्रो टेमची निवड झालीच नव्हती, आणि नवं प्रतिनिधिगृह डिसेंबरपर्यंत भरणार नव्हतं. म्हणजे २० सप्टेंबरच्या पहाटे न्यूयॉर्कच्या लेक्सिंग्टन ॲव्हेन्यूवरच्या घरात आर्थर यांनी शपथ घेतली, तेव्हा त्यांच्यामागे रांगेत कोणीही नव्हतं. त्यांनी सिनेटचं खास अधिवेशन बोलावणारा हुकूम लिहिला आणि 'राष्ट्राध्यक्ष' या नावाने व्हाइट हाउसला पोस्टाने पाठवला, वॉशिंग्टनला पोचेपर्यंत आपलं काही बरंवाईट झालं तर निदान तो कागद असावा म्हणून.

१८८५ मध्ये उपाध्यक्ष हेंड्रिक्स वारले तेव्हा पुन्हा तीच स्थिती आली. मग १८८६ च्या कायद्याने रांगेत मंत्री आणले, परराष्ट्रमंत्री पहिले. १९४७ मध्ये ट्रुमन यांच्या आग्रहाने सभापती आणि प्रो टेम पुन्हा मंत्र्यांच्या पुढे गेले. मी सही करून नेमलेला मंत्री माझा वारस ठरवणं लोकशाहीत बसत नाही, असं त्यांचं म्हणणं होतं.

जुनीवही

आता लपवाछपवी. यातलं सर्वांत कसबी प्रकरण ग्रोव्हर क्लीव्हलँड यांचं, १८९३ चं.

उन्हाळ्यात त्यांच्या तोंडात वर डावीकडे, टाळूवर गाठ दिसली. देशात आर्थिक घबराट होती, बँका बुडत होत्या. क्लीव्हलँड यांना सरकारी चांदीखरेदीचा शर्मन कायदा रद्द करायचा होता आणि त्यासाठी ७ ऑगस्टला खास अधिवेशन बोलावलं होतं. उपाध्यक्ष ॲडलाय स्टीव्हन्सन चांदीवाल्यांच्या बाजूचे. राष्ट्राध्यक्षांना कर्करोग आहे ही बातमी फुटली असती, तर बाजार आणि विधेयक दोन्ही कोसळले असते.

म्हणून १ जुलैला एलायस बेनेडिक्ट या मित्राच्या 'ओनिडा' नौकेवर, न्यूयॉर्कच्या ईस्ट रिव्हरमधून लाँग आयलंड साउंडकडे जाताना, चालत्या नौकेत शस्त्रक्रिया केली. खुर्ची नौकेच्या आतून जाणाऱ्या डोलकाठीला बांधली. दातांच्या डॉक्टरांनी नायट्रस ऑक्साइड देऊन दात काढले, मग इथर दिलं. जोसेफ ब्रायंट यांनी वरच्या जबड्याचा डावीकडचा बराचसा भाग काढला. विल्यम कीन यांनी पॅरिसहून आणलेलं गाल ओढून धरण्याचं उपकरण वापरून सगळं तोंडाच्या आतून केलं. बाहेर एकही व्रण नाही, मिशीलाही हात नाही. १७ जुलैला थोडं राहिलेलं काढलं. मग व्हल्कनाइज्ड रबराचा तुकडा बसवला, तो नसता तर बोलणं कळलंच नसतं. लोकांना संधिवात आणि दाढदुखी सांगितली.

२९ ऑगस्टला फिलाडेल्फियाच्या एका वर्तमानपत्रात ई. जे. एडवर्ड्स यांनी सगळं खरं छापलं. सरकारने ते साफ नाकारलं आणि बदनामी पत्रकाराची झाली. कीन यांनी १९१७ मध्ये सत्य प्रसिद्ध केलं, तोवर क्लीव्हलँड जाऊन नऊ वर्षं झाली होती. काढलेली गाठ फिलाडेल्फियाच्या म्यूटर संग्रहालयात आहे. पुढे तपासणीत तो हळू वाढणारा, सहसा न पसरणारा कर्करोग ठरला.

उत्तम शस्त्रक्रिया होती यात शंका नाही. पण ५६ वर्षांच्या, स्थूल माणसाला हलत्या नौकेवर इथर देणं, आणि उपाध्यक्षाला चकार शब्द न कळवणं, हे भयंकर होतं. टेबलावरच मृत्यू झाला असता तर?

रानवारा

विल्सन यांच्या वेळी तर त्यांच्या पत्नीच राष्ट्राध्यक्ष होत्या म्हणतात.

घटनाप्रेमी

तसं म्हणण्याने प्रकरणाचं गांभीर्य निसटतं. एडिथ विल्सन यांनी हुकूम काढले असा पुरावा नाही. त्यांनी त्याहून परिणामकारक गोष्ट केली: खोलीत काय जाईल आणि काय जाणार नाही हे ठरवलं.

व्हर्सायच्या तहासाठी दौरा करताना २५ सप्टेंबर १९१९ रोजी कोलोरॅडोतल्या प्युब्लोच्या भाषणानंतर वुड्रो विल्सन कोसळले. २ ऑक्टोबरला मोठा पक्षाघात, डावी बाजू लुळी. डॉक्टर कॅरी ग्रेसन यांनी बाहेर सांगितलं ते 'मज्जासंस्थेचा थकवा' एवढंच. परराष्ट्रमंत्री रॉबर्ट लॅन्सिंग यांनी घटनेतलं असमर्थतेचं वाक्य खाजगी सचिव जोसेफ टमल्टी यांना वाचून दाखवलं. टमल्टी आणि ग्रेसन दोघांनीही असमर्थतेचा दाखला द्यायला नकार दिला. उपाध्यक्ष थॉमस मार्शल स्वतःहून पुढे यायला तयार नव्हते. आर्थर यांचंच भय, ३८ वर्षांनी.

परिणाम मोजता येतात. घटनेप्रमाणे विधेयक आल्यावर रविवार वगळून दहा दिवसांत सही किंवा नकार आला नाही आणि काँग्रेस चालू असेल, तर ते आपोआप कायदा होतं. अशी बरीच विधेयकं सहीशिवाय कायदा झाली. दारूबंदीच्या व्होल्स्टेड कायद्यावरचा नकाराचा संदेश बव्हंशी टमल्टी यांनी लिहिला. तहाच्या बाबतीत तडजोडीचे प्रस्ताव दारातूनच परत गेले आणि सिनेटने तो १९ नोव्हेंबर १९१९ ला आणि पुन्हा १९ मार्च १९२० ला फेटाळला. फेब्रुवारीत विल्सन यांनी लॅन्सिंग यांचा राजीनामा घेतला. कारण? आपल्या गैरहजेरीत मंत्रिमंडळाच्या बैठका बोलावल्या.

पाटीपेन्सिल

म्हणजे मुळात माहिती डॉक्टरांकडे, आणि डॉक्टर राष्ट्राध्यक्षाचा. फ्रँकलिन रूझवेल्ट यांच्या वेळीही तेच ना? मार्च १९४४ मध्ये हृदयरोगतज्ज्ञ हॉवर्ड ब्रुएन यांनी तपासलं तेव्हा रक्तदाब १८६/१०८ आणि हृदय निकामी होत चाललेलं. डिजिटॅलिस हे हृदयाचं औषध, कमी मीठ, कमी सिगारेटी असा उपचार सुरू झाला. नौदलाचे डॉक्टर रॉस मॅकिन्टायर मात्र बाहेर 'वयाच्या मानाने ठणठणीत' असंच सांगत राहिले. त्याच वर्षी रूझवेल्ट चौथ्यांदा निवडून आले. १२ एप्रिल १९४५ ला मेंदूतल्या रक्तस्रावाने गेले आणि अणुबाँबच्या प्रकल्पाची तपशीलवार माहिती ट्रुमन यांना राष्ट्राध्यक्ष झाल्यावर मिळाली.

घटनाप्रेमी

होय, अगदी नेमकं. आणि हा धागा उलट्या दिशेने फिरवला आयझेनहॉवर यांनी.

२४ सप्टेंबर १९५५ रोजी डेन्व्हरमध्ये त्यांना हृदयविकाराचा झटका आला. पहिलं पत्रक 'पोट बिघडलंय' असंच होतं. मग खरं सांगितलं, आणि हृदयरोगतज्ज्ञ पॉल डडली व्हाइट यांनी वार्ताहरांना सविस्तर माहिती दिली. २६ तारखेला न्यूयॉर्कचा शेअर निर्देशांक साडेसहा टक्के घसरला, तरी त्यांनी माहिती थांबवली नाही. जून १९५६ मध्ये आतड्याची शस्त्रक्रिया, नोव्हेंबर १९५७ मध्ये सौम्य पक्षाघात. मग मार्च १९५८ मध्ये उपाध्यक्ष निक्सन यांच्याबरोबरचा लेखी करार जाहीर केला: शक्य असेल तर मी सांगेन, सांगू शकलो नाही तर योग्य सल्ला घेऊन तुम्ही ठरवा, आणि परत कधी यायचं हे मी ठरवीन. केनेडी आणि जॉन्सन यांनी तसाच करार केला. पण त्याला कायद्याचं बळ नव्हतं. न्यायालयात तो किती टिकला असता हे कोणीही सांगू शकत नव्हतं.

२२ नोव्हेंबर १९६३ ला केनेडी यांची हत्या झाली आणि मग घाई झाली. लिंडन जॉन्सन यांना १९५५ मध्ये स्वतःला हृदयविकार झालेला. त्यांच्यामागे ७१ वर्षांचे सभापती मॅकॉरमॅक आणि ८६ वर्षांचे प्रो टेम कार्ल हेडन. उपाध्यक्षपद रिकामं, आणि ती सोळावी वेळ: आठ राष्ट्राध्यक्षांचे मृत्यू, सात उपाध्यक्षांचे मृत्यू, आणि १८३२ मधला कॅल्हून यांचा राजीनामा. इंडियानाचे सिनेटर बर्च बाय यांनी पंचविसावी घटनादुरुस्ती लावून धरली. काँग्रेसने ती जुलै १९६५ मध्ये मंजूर केली, राज्यांची संमती १० फेब्रुवारी १९६७ ला पूर्ण झाली.

मिसिसिपीकाठ

तिचे चार भाग व्यवहारात कसे चालतात ते लिहितो.

पहिला: मृत्यू, राजीनामा किंवा पदच्युती झाली तर उपाध्यक्ष राष्ट्राध्यक्षच होतो. टायलरचा पायंडा लेखी झाला, पण त्यातून असमर्थता वेगळी काढली.

दुसरा: उपाध्यक्षपद रिकामं झालं की राष्ट्राध्यक्ष नाव सुचवतो, दोन्ही सभागृहं साध्या बहुमताने मान्यता देतात. दोनदा वापर झाला. निक्सन यांचे उपाध्यक्ष ॲग्न्यू यांनी १० ऑक्टोबर १९७३ ला राजीनामा दिल्यावर जेराल्ड फोर्ड. सिनेट ९२-३, प्रतिनिधिगृह ३८७-३५. मग निक्सन गेल्यावर फोर्ड यांनी नेल्सन रॉकफेलर. त्यांच्या प्रचंड संपत्तीच्या छाननीत चार महिने गेले.

तिसरा: राष्ट्राध्यक्ष स्वतः सभापती आणि प्रो टेम यांना लेखी कळवतो की मी काम करू शकत नाही; परत येताना तसंच दुसरं पत्र. भूल द्यायच्या आधी सही, शुद्धीवर आल्यावर सही. रेगन यांनी १३ जुलै १९८५ ला आतड्याच्या शस्त्रक्रियेसाठी हे केलं, पण पत्रात 'हा तिसरा भाग लागू होतो असं मला वाटत नाही' असा मजकूर घातला, पायंडा पडू नये म्हणून. धाकटे बुश यांनी २९ जून २००२ आणि २१ जुलै २००७ ला, आणि बायडेन यांनी १९ नोव्हेंबर २०२१ ला तो सरळ वापरला. या तिन्ही वेळा कोलोनोस्कोपी. बायडेन यांच्या वेळी कमला हॅरिस सुमारे दीड तास कार्यवाहू राष्ट्राध्यक्ष होत्या.

चौथा भाग आजवर कधीच वापरलेला नाही. उपाध्यक्ष आणि खात्यांच्या प्रमुखांचं बहुमत, म्हणजे आज १५ पैकी ८, यांनी लेखी कळवलं की उपाध्यक्ष लगेच कार्यवाहू होतो. राष्ट्राध्यक्षाने 'मी ठीक आहे' असं कळवलं तर त्यांना हरकत घ्यायला चार दिवस. हरकत घेतली तर काँग्रेस ४८ तासांत जमते आणि २१ दिवसांत निर्णय घेते. दोन्ही सभागृहांत दोन तृतीयांश मतं पडली तरच उपाध्यक्ष कार्यवाहू राहतो; नाहीतर राष्ट्राध्यक्ष परत.

रानवारा

मग महाभियोग सोपा नाही का? त्यात प्रतिनिधिगृहाला साधं बहुमत पुरतं.

घटनाप्रेमी

आकड्यांनी होय. सगळे हजर असतील तर चौथ्या भागाला सिनेटमध्ये ६७ आणि प्रतिनिधिगृहात २९० मतं लागतात. महाभियोगाला प्रतिनिधिगृहात २१८ पुरतात. हे मुद्दाम केलंय. चौथा भाग नावडत्या राष्ट्राध्यक्षाला हटवायला नाही, बेशुद्ध किंवा भान हरपलेल्या राष्ट्राध्यक्षासाठी आहे. १२ जानेवारी २०२१ ला प्रतिनिधिगृहाने ट्रम्प यांचे उपाध्यक्ष पेन्स यांना तो वापरायची विनंती करणारा ठराव २२३-२०५ ने केला. पेन्स यांनी पत्राने नकार दिला आणि विषय तिथेच संपला, कारण उपाध्यक्षाशिवाय ती कळ दाबताच येत नाही.

जुनीवही

ज्यासाठी तो भाग होता तो दिवस ३० मार्च १९८१. रेगन यांना गोळी लागली, निम्म्याच्या आसपास रक्त गेलं, भूल देऊन छाती उघडली. उपाध्यक्ष (थोरले) बुश टेक्सासहून विमानात. व्हाइट हाउसचे विधी सल्लागार फ्रेड फिल्डिंग यांनी तिसऱ्या आणि चौथ्या भागाची पत्रं तयार करून आणली. व्हाइट हाउसचेच अधिकारी रिचर्ड डार्मन यांनी ती तिजोरीत ठेवून दिली. परराष्ट्रमंत्री हेग यांनी वार्ताहरांसमोर वारसाक्रम सांगताना सभापती आणि प्रो टेम यांना गाळून आपलं नाव पुढे ठेवलं. दुसऱ्या दिवशी रेगन यांनी अंथरुणातून दूध-उत्पादनाच्या विधेयकावर सही केली, देशाला दाखवायला. शस्त्रक्रियेच्या त्या तासांत अमेरिकेला कार्यवाहू राष्ट्राध्यक्ष नव्हता. कायदा होता, कागद तयार होता, तरीही. मला हे विल्सन यांच्या प्रकरणाइतकंच अस्वस्थ करतं.

पाटीपेन्सिल

आणि उपाध्यक्षच असमर्थ झाला तर? चौथ्या भागाला त्याची सही लागतेच.

मिसिसिपीकाठ

त्यावर घटनादुरुस्तीत काहीही नाही. उपाध्यक्ष कोमात असेल आणि त्याच वेळी राष्ट्राध्यक्षाचं भान गेलं, तर चौथा भाग सुरूच करता येत नाही. उपाध्यक्षपद रिकामं असेल तेव्हाही तेच. १९४७ च्या कायद्यात असमर्थतेचा उल्लेख आहे, पण ती ठरवायची रीत नाही.

धाकट्या बुश यांचे उपाध्यक्ष डिक चेनी यांना हे नीट कळलेलं होतं. त्यांना हृदयविकाराचे झटके येऊन गेले होते. उपाध्यक्ष झाल्यावर सुमारे दोन महिन्यांनी, २८ मार्च २००१ ही तारीख घालून त्यांनी स्वतःचा राजीनामा सही करून ठेवला आणि आपले वकील डेव्हिड ॲडिंग्टन यांच्याकडे दिला. बुश यांना तो असल्याचं सांगितलं होतं. कायदा एवढंच म्हणतो की राष्ट्राध्यक्ष किंवा उपाध्यक्षाच्या राजीनाम्याचा एकमेव पुरावा म्हणजे त्याच्या सहीचा लेख, परराष्ट्रमंत्र्याच्या कार्यालयात पोचवलेला. निक्सन यांचं एका ओळीचं राजीनामापत्र परराष्ट्रमंत्री किसिंजर यांच्या नावाने आहे ते त्यामुळेच. म्हणजे चेनी बेशुद्ध पडले असते आणि ॲडिंग्टन यांनी तो कागद परराष्ट्र खात्यात नेऊन दिला असता, की पद रिकामं आणि दुसऱ्या भागाने नवा उपाध्यक्ष. पण सही करताना शुद्धीत असलेल्या आणि कागद पोचवताना बेशुद्ध असलेल्या माणसाचा राजीनामा वैध धरायचा का, हे कोणत्याही न्यायालयापुढे आलेलं नाही.